माळावरचा पिवळा वीकेंड

पावसाळा संपत आला की पुण्यातल्या प्रत्येक ऑफिसात एकच चर्चा सुरू होते : कासला जायचं कधी? गाड्या ठरतात, रजा टाकल्या जातात आणि निम्मा दिवस ट्रॅफिकमध्ये जातो. यंदा जरा उलटी दिशा पकडून बघा. हडपसर, दिवेघाट, सासवड, जेजुरी, मोरगाव आणि पुढे सुपे. साधारण ७० किलोमीटर. इथे धबधबा नाही, धुकं नाही. आहे तो उघडा माळ आणि त्यावर पिवळाजर्द फुललेला तरवड.

तरवड तुम्ही पाहिलाय, फक्त नाव माहीत नसेल. हायवेच्या कडेला कमरेएवढी वाढलेली, चिंचेसारख्या पानांची झुडपं असतात ना, तोच. शास्त्रीय नाव सेना ऑरिक्युलाटा. ऑरिक्युलाटा म्हणजे चक्क कानवाली! पानांच्या देठाशी कानाच्या पाळीसारखी हिरवी उपपर्णं असतात, त्यावरून हे नाव पडलं. घाटावर बरसून रिकामे झालेले ढग जिथे पोचतात, तो कोरडा मुलूख याला मानवतो.

एका झुडपापाशी मी दहा मिनिटं नुसती उभी राहिले. या फुलात मध नसतो, असतात ते फक्त पराग, तेही टोकाला बारीक छिद्र असलेल्या परागकोशात बंद. मग काळा भुंगा येतो, फुलाला लटकतो आणि सगळं अंग थरथरवतो. मोबाइल व्हायब्रेटरवर वाजावा तसा आवाज येतो आणि पराग बाहेर उडतात. एकदम हाय-टेक!

मेंढरं घेऊन निघालेल्या एका काकांना विचारलं, एवढं चरून झाल्यावरही हा कसा टिकला? ते हसले. ‘‘ताई, ह्याला मेंढरं तोंड लावत न्हाईत. म्हणून तर ऱ्हायलाय.’’

जनावरांनी सोडला, तरी माणसांनी नाही सोडला. सालीत टॅनिन भरपूर, त्यामुळे कातडी कमावायला ती पूर्वापार वापरली गेली. नवरात्रात आपल्याकडे गावोगावी घटावर तरवडाच्या फुलांची माळ चढते. त्याच सुमारास तेलंगणात बतुकम्मा सणाला याच फुलांचे थर रचून बायका त्याभोवती फेर धरतात. सोलापूरच्या तेलुगू भाषिक पद्मशाली वस्तीतही हा सण होतो. २०१४ साली वेगळं राज्य झाल्यावर तेलंगणाने तरवडालाच राज्यफुलाचा मान दिला.

आणि आपण? आपण या माळाला ‘पडीक’ म्हणतो. सरकारी कागदावरही तेच. केंद्र सरकारचा वेस्टलँड अ‍ॅटलास २००० साली पहिल्यांदा निघाला, त्यात झुडपी जमिनी ‘वेस्टलँड’च्याच यादीत आहेत. आणि पडीक म्हटलं, की आपल्याला दोनच गोष्टी सुचतात : प्लॉटिंग किंवा प्लांटेशन. प्लॉटिंगला आपण नावं तरी ठेवतो. प्लांटेशनला मात्र कंपनीचा टी-शर्ट घालून शनिवारी आपणच जातो, झुडपं साफ केलेल्या जागी रोपं लावतो, फोटो काढतो.

सुप्याजवळच मयूरेश्वर अभयारण्य आहे. जेमतेम पाच चौरस किलोमीटरचं, १९९७ साली जाहीर झालेलं. ते आहे चिंकारा हरणांसाठी. चिंकाऱ्याला लांबवरचं दिसायला हवं, पळायला मोकळं रान हवं. लांडगा, चंडोल, धाविक ही सगळी मंडळीही अशाच माळाची. इथे दाट झाडी उभी केली, तर त्यांनी जायचं कुठे? जंगल वाचवायला हवंच, पण माळ म्हणजे काही मेलेलं जंगल नव्हे. ते वेगळंच घर आहे.

तेव्हा पहाटे निघा. टोपी, पाणी आणि जमल्यास दुर्बीण सोबत ठेवा. फुलं तोडू नका, गाडी माळावर घालू नका. आणि सोमवारी ऑफिसात पुढच्या वृक्षारोपणाचा मेल आला, तर एचआरला एकच विचारा : खड्डे घेणार तिथे आत्ता काय उगवलंय? ‘काही नाही हो, नुसती झुडपं,’ असं उत्तर आलं, तर सुप्याचा रस्ता आता तुम्हाला माहीत आहे. त्यांनाही घेऊन जा.