जांभ्याखालचा कातळ

मॉरिशसमधला सर्वांत उंच डोंगर 828 मीटरचा, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या जेमतेम निम्मा. माझा मॉरिशसचा डोंगर मात्र दोन पुरुष उंचीचा होता. या खेपेला गेलो तर तो जागेवर नव्हता.

कास्कावेलच्या उसात ती धोंड्यांची रास होती. बेटच ज्वालामुखीचं, कुदळ मारावी तिथे काळा कातळ. गिरमिटावर, म्हणजे करारावर, आलेल्या मजुरांनी धोंडे हातांनी वेचले, शेतातच रचले. मी ज्यांच्याकडे उतरायचो त्या आजीच्या बापाने ही रास रचलेली. संध्याकाळच्या उन्हात रांपारचा सुळका तांबूस व्हायचा, आणि आजी त्याच्याकडे पाठ करून राशीपाशी बसायची. "तो देवान केला. त्यात काय!"

एका धोंड्याला बुडबुड्यांची भोकं होती. त्यातल्या एकात करंगळी घालून तिने एकदा विचारलं, "तुमच्या रत्नागिरीत असाच काळा धोंडा हाय काय रे?" तिचा आजा तिकडचा, ती कधीच आली नाही. मी शहाणपणाने म्हटलं, "नाही आजी, तिकडे जांभा. तांबडा." तिने करंगळी काढून घेतली आणि भाजीच्या भावाचं बोलायला लागली.

पुढे कधीतरी वाचलं. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी ज्या आगीने सह्याद्री ओतला, तिच्यावरून जमीन सरकत गेली आणि त्याच आगीने नंतर समुद्रातून मॉरिशस वर काढलं. आज ती शेजारच्या रियुनियनमध्ये धुमसते. म्हणजे आजा जहाजातून उतरला तो घरच्याच चुलीच्या दगडावर.

हे सांगायला गेलो तर आजी राहिली नव्हती. ऊसतोडणीच्या यंत्राला आड येते म्हणून रासही उपसलेली. "बरंच झालं," तिचा नातू म्हणाला. त्याचं काय चुकलं? तोडणीला माणूस मिळत नाही. पळालेल्या गुलामांना आसरा देणारा ल मॉर्न डोंगर 2008 साली जागतिक वारशात गेला. जायलाच हवा होता. या राशीचा साधा फोटो कुणाकडे नाही. माझ्याकडेही नाही. रांपारचे चाळीस आहेत.

रत्नागिरीत विहीर खणणाऱ्या कुणालाही विचारा. जांभा संपला की मऊ माती लागते, आणि तिच्याखाली काळाच कातळ.