आधी निवड, मग अनुवाद

दिवसा मी आखातात नोकरीला निघालेल्यांचे दाखले, लग्नाची सर्टिफिकेटं, करारनामे अरबीत उतरवून देते. कथा-कादंबऱ्या रात्री. याची कधीमधी खंत वाटायची. पण डेनिस जॉन्सन-डेव्हिस यांच्या आठवणी वाचल्या आणि ती गेली. तीसहून जास्त अरबी पुस्तकं इंग्रजीत आणणारा हा माणूस आयुष्यभर पोटासाठी दुसरंच काही ना काही करत राहिला. बीबीसीचा अरबी विभाग, ब्रिटिश कौन्सिल, मध्येच बॅरिस्टरी.

जन्म १९२२चा, कॅनडातला. बालपणाचा काही काळ मात्र कैरोत आणि सुदानमधल्या वादी हलफात गेला. केंब्रिजला अरबी शिकले, आणि १९४५ मध्ये कैरोत परतले ते थेट लेखकांच्या बैठकीत. महमूद तैमूर यांच्या कथांचा अनुवाद त्यांनी पदरचे पैसे घालून छापला. १९६७ मध्ये ऑक्सफर्डनं त्यांचा आधुनिक अरबी कथांचा संग्रह काढला, त्यात इजिप्तच्या नगीब महफूज यांची ‘झाबलावी’ ही कथा होती. महफूजना नोबेल मिळालं १९८८ मध्ये. म्हणजे स्टॉकहोमच्या एकवीस वर्षं आधी या माणसानं आपला कौल देऊन टाकला होता.

मला हेवा वाटतो तो याच गोष्टीचा. अनुवादकाचं कौतुक होतं ते भाषेसाठी. पण भाषा मेहनतीनं येते. कुणाला हात घालायचा, हे मात्र कुणी शिकवत नाही. सुदानी कादंबरीकार तय्यब सालिह तेव्हा लंडनला बीबीसीत होते. त्यांची ‘सीझन ऑफ मायग्रेशन टू द नॉर्थ’ लिहून होत होती तशी जॉन्सन-डेव्हिस यांच्या हाती येत गेली. अरबी कादंबरी १९६६ मध्ये बैरूतच्या ‘हिवार’ मासिकात आली, इंग्रजी १९६९ मध्ये. मूळ लेखकाशी चहा पिता पिता शंका विचारायची सोय! आमच्या नशिबी शब्दकोश आणि ईमेल.

कारागिरीत सगळ्यात जास्त छळतात ते संवाद. महफूज यांच्या गल्लीतला हमालसुद्धा ग्रांथिक अरबी बोलतो. इजिप्तचेच कथाकार यूसुफ इद्रीस यांची माणसं खुशाल मिसरी बोली बोलतात. दोघं एकाच मराठीत आणले तर इद्रीस मेले. म्हणून शेतकऱ्याच्या तोंडी मी एकदा वऱ्हाडी घालून पाहिली. संवाद झकास वठला, पण माणूस नाईलकाठावरून उठून अमरावतीच्या बाजारात येऊन बसला! तेव्हापासून बोली आयात करायची नाही, असं ठरवलं. इद्रीसला तोडकी वाक्यं, गाळलेली क्रियापदं, मध्येच तुटलेला विचार. महफूजना पूर्ण वाक्य, जरा ताठ. मग पान मोठ्यानं वाचायचं. जिथे जीभ अडखळते तिथे पेन्सिलची खूण. अर्थ चुकलाय का, ते मी त्यानंतर बघते. याला पंडित नाकं मुरडतील, मुरडू देत.

हस्तलिखित घेऊन गेलं की आपल्याकडचे प्रकाशक पहिला प्रश्न विचारतात, ‘पुरस्कार कोणता?’ जॉन्सन-डेव्हिस या प्रश्नावर चालले असते, तर १९६७चा तो संग्रह निघालाच नसता. अरबी शिकणाऱ्या मराठी मुलामुलींनो, नोबेलची यादी नंतर बघा. कैरो-बैरूतची मासिकं चाळा, ज्याचं नाव इथे कुणी ऐकलेलं नाही असा एक कथाकार पकडा आणि प्रकाशकाची वाट न पाहता कामाला लागा.