जोडणीचा कागद

शनिवारी बस्टर कीटनचा 'वन वीक' (१९२०) परत पाहिला. जेमतेम २०-२५ मिनिटांचा मूकपट. नवरा-बायको खोक्यांतून आलेलं घर जोडतायत. जळक्या प्रतिस्पर्ध्याने खोक्यांवरचे आकडेच बदललेले! घर वाकडंतिकडं उभं राहतं, वादळात गरगर फिरतं, शेवटी रुळांवर अडकतं. येणारी गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. हुश्श म्हणेपर्यंत उलट दिशेने दुसरी येते आणि चुराडा!

कॉलेजात असताना पोट धरून हसलो होतो. या वेळी मात्र... शुक्रवारीच आमचं आठ महिन्यांचं प्रोजेक्ट गुंडाळलं गेलं. तेव्हापासून बायकोशी धड बोललोही नव्हतो. बस्टर काय करतो? ढिगाऱ्यावर 'विकणे आहे' अशी पाटी लावतो, सोबत जोडणीचा कागदही ठेवतो आणि बायकोचा हात धरून चालू लागतो.

लॅपटॉप मिटला. आत जाऊन विचारलं, "चहा टाकू?"