न संपलेला गुणाकार

मी पाचवी ते सातवीच्या वर्गांना गणित शिकवते. गुणाकाराची उभी मांडणी हा माझ्या लेखी गणितातला सर्वांत पक्का भाग. आधी एककानं गुणायचं, हातचा वर लिहायचा, दुसऱ्या ओळीत एक घर सोडायचं, शेवटी बेरीज करायची. यात कुणाला काही शोधायचं उरलं असेल, असं कधी मनातही आलं नव्हतं. त्यामुळे अल्गोरिदमच्या, म्हणजे उत्तर काढायच्या पायरीवार रीतींच्या, ऑनलाइन वर्गात सरांनी हीच मांडणी फळ्यावर काढली आणि विचारलं, ‘यापेक्षा कमी कामात हा गुणाकार होईल का?’, तेव्हा मला प्रश्नच कळेना. उत्तर बरोबर आलं की नाही, एवढंच मी आजवर मुलांना विचारत आले होते. उत्तरापर्यंत पोचायला किती काम पडलं, हे गणित कुणी मांडतं हेच मला ठाऊक नव्हतं.

मुलगी संगणकशास्त्राला गेली, तिची पुस्तकं चाळताना काहीच उमगेना, म्हणून मी या वर्गात नाव घातलं. वाटलं होतं की संगणकाविषयी काही कळेल. पण वर्गाच्या पुस्तकात संगणक जवळजवळ नव्हताच. होत्या त्या सिद्धता, आणि प्रत्येक सिद्धता एकाच गोष्टीभोवती फिरत होती: पायऱ्या किती?

मग पायऱ्या मोजायला शिकले. एका अंकाला एका अंकानं गुणणं ही एक पायरी. दोन अंकी संख्येला दोन अंकी संख्येनं गुणलं तर चार पायऱ्या, तीन अंकींना नऊ, आणि हजार अंकी संख्या असतील तर दहा लाख. अंक दुप्पट झाले की काम चौपट. हजार अंकी संख्या कुणाला लागतात, असं मी विचारलं. सरांनी सांगितलं: आपण मोबाइलवरून बँकेचं संकेतस्थळ उघडतो तेव्हा माहिती सुरक्षित राहावी म्हणून पडद्यामागे अवाढव्य संख्यांचे गुणाकार चालतात. त्यासाठीच्या आरएसए पद्धतीत २०४८ बिटांची संख्या नेहमीची, आणि ती आपल्या दशमान पद्धतीत लिहिली तर ६१७ अंकी होते. मग अधिक वेगवान यंत्र घ्यावं, असं मला वाटलं. पण यंत्र दुप्पट वेगाचं आणलं, तरी शाळेतल्या पद्धतीनं तेवढ्याच वेळात जेमतेम १.४ पट अंकांची संख्या हाताळता येते. हे स्वतः कागदावर मांडून पाहिलं आणि तेव्हा कुठे या विषयाचं प्रयोजन मनात शिरलं.

तरी एक गोष्ट बरेच दिवस खुपत राहिली. या हिशेबात दुप्पट-तिप्पट सोडूनच देतात. एका पद्धतीला शंभर पायऱ्या आणि दुसरीला तीनशे लागल्या, तरी दोन्ही एकाच मापाच्या धरतात. पैशांचा हिशेब असा कुणी केला असता तर मी चालू दिला नसता. इथे मात्र प्रश्न वाढीचा असतो. अंक वाढत गेले की काम कसं वाढतं, ते बघायचं. वाढीचा वेग कमी असलेली पद्धत सुरुवातीला कितीही मागे असली तरी कधी ना कधी पुढे जाणारच. ती नेमकी कुठे पुढे जाते, हे पुन्हा वेगळं पाहावं लागतं, आणि व्यवहारात तेही फार महत्त्वाचं असतं.

आता मूळ प्रश्नाकडे येते. संख्या फोडून गुणणं आपल्याकडे जुनंच आहे. भास्कराचार्यांनी ११५० साली लिहिलेल्या ‘लीलावती’त १३५ ला १२ नं गुणायचं उदाहरण आहे. १२ चे ८ आणि ४ असे भाग करून गुणा, किंवा स्थानांप्रमाणे सुटे करून गुणा, उत्तर १६२० येतं. म्हणून सरांनी १२३४ गुणिले ५६७८ हा गुणाकार घेऊन पहिल्या संख्येचे १२ आणि ३४, दुसरीचे ५६ आणि ७८ असे तुकडे केले, तेव्हा मला बरं वाटलं. हे ओळखीचं होतं. चार लहान गुणाकार करायचे: १२ गुणिले ५६, १२ गुणिले ७८, ३४ गुणिले ५६, ३४ गुणिले ७८. मग योग्य तेवढी शून्यं देऊन बेरीज. लहान गुणाकारांतल्या संख्याही पुन्हा अर्ध्या करायच्या, एकेका अंकापर्यंत.

पण मोजल्यावर हाती काहीच लागलं नाही. १०२४ अंकी संख्या दहा वेळा अर्धी केली की एकेक अंक उरतो. दर वेळी एकाचे चार गुणाकार होतात, म्हणजे शेवटी चारचा दहावा घात: १०,४८,५७६. आणि शाळेतल्या पद्धतीनं १०२४ गुणिले १०२४ किती? तेही १०,४८,५७६. इतकी फोडाफोड करून एकही पायरी वाचली नव्हती. दोन आकडे तंतोतंत सारखे पाहून मी अगदी गोंधळून गेले. यापलीकडे वाटच नसणार, अशी माझी खात्री झाली.

अशी खात्री एका फार मोठ्या गणितज्ञालाही होती. मॉस्को विद्यापीठातले आंद्रेई कोल्मोगोरोव्ह म्हणजे संभाव्यताशास्त्राचा पाया घालणारे गणितज्ञ. अंकांच्या वर्गाइतकं काम केल्याशिवाय गुणाकार होऊच शकत नाही, असं त्यांचं अनुमान होतं. माणसं हजारो वर्षं गुणाकार करत आली आहेत, सोपी रीत असती तर एव्हाना सापडली असती, हा त्यामागचा विचार. १९६० साली त्यांनी चर्चासत्रात हे अनुमान मांडलं. ऐकणाऱ्यांत अनातोली कारात्सुबा नावाचा तेवीस वर्षांचा विद्यार्थी होता. आठवड्याच्या आत तो नवी रीत घेऊन आला. कोल्मोगोरोव्ह अस्वस्थ झाले, पण पुढच्या बैठकीत त्यांनी स्वतःच ती रीत सगळ्यांना समजावून सांगितली आणि ते चर्चासत्र तिथेच संपवलं. १९६२ साली त्यावरचा लेखही त्यांनीच लिहून कारात्सुबाच्या नावानं प्रसिद्धीला दिला. छापील प्रती हातात पडल्यावर कारात्सुबाला त्याचा पत्ता लागला. आपलं अनुमान मोडणाऱ्या विद्यार्थ्यासाठी एवढं करणारा हा शिक्षक मला फार मोठा वाटतो.

ती रीत सातवीतल्या मुलाला कळेल इतकी साधी आहे. चार गुणाकारांपैकी मधले दोन, म्हणजे १२ गुणिले ७८ (९३६) आणि ३४ गुणिले ५६ (१९०४), सुटे कधी लागतच नाहीत. लागते ती त्यांची बेरीज. ती एका गुणाकारात मिळवायची. १२ आणि ३४ मिळून ४६, ५६ आणि ७८ मिळून १३४. ४६ गुणिले १३४ म्हणजे ६१६४. या एका गुणाकारात चारही गुणाकार एकत्र आलेले असतात. त्यांतला पहिला, ६७२, आणि शेवटचा, २६५२, हे दोन आपल्याला तसेही करायचेच आहेत. ते वजा केले की उरतात २८४०, म्हणजे नेमकी ९३६ आणि १९०४ यांची बेरीज. मग ६७२ पुढे चार शून्यं, २८४० पुढे दोन, २६५२ तसेच. एकूण ७०,०६,६५२. चाराचे तीन झाले.

एकच गुणाकार वाचला, त्यात विशेष काय, असं मला आधी वाटलं. पण ही बचत प्रत्येक पातळीवर होते. चारच्या दहाव्या घाताऐवजी तीनचा दहावा घात: ५९,०४९. दहा लाखांवरून साठ हजारांच्या आत! मी हा घात हातानं काढला, पुन्हा काढला, आणि मग बराच वेळ वहीकडे नुसती बघत बसले. पहिली-दुसरीपासून जी वजाबाकी आपण शिकवतो, तिच्यानं हे साधलं होतं.

शाळेत सातवीच्या मुलांना हे उदाहरण दिलं. एक मुलगी लगेच म्हणाली, “बाई, पण बेरजा-वजाबाक्या वाढल्या की!” प्रश्न अगदी नेमका होता, आणि मलाही तो अडला होता. शिवाय ५६ आणि ७८ दोन अंकी असून त्यांची बेरीज तीन अंकी झाली, तिचं काय? या जादा कामाचा हिशेब धरावाच लागतो. मात्र बेरजेचं काम अंकांच्याच प्रमाणात वाढतं. अंक दुप्पट झाले तर बेरीज दुप्पट, गुणाकार मात्र चौपट. संख्या मोठी होत जाते तशी बेरजांची भर मागे पडते आणि गुणाकारातली बचत पुढे येते. लहान संख्यांना ही रीत परवडत नाही, हेही खरंच. पायथन भाषेत मोठ्या संख्यांसाठी कारात्सुबाची रीत बसवलेली आहे, पण साधारण सहाशे अंकांच्या पुढेच ती वापरात येते. तोवर शाळेतलीच पद्धत. त्या मुलीच्या शंकेचं उत्तर एका प्रसिद्ध संगणकभाषेत असं आकड्यानिशी लिहून ठेवलेलं आहे, हे तिला सांगताना मला फार आनंद झाला.

पुढचा प्रवास मी धावतच पाहिला, कारण तिथलं गणित अजून माझ्या आवाक्यात नाही. १९७१ साली शोनहागे आणि स्ट्रासेन या जर्मन गणितज्ञांनी कितीतरी वेगवान रीत दिली. अंकांची संख्या क्ष धरली तर काम क्ष गुणिले लॉग क्ष एवढ्यावर, म्हणजे क्षपेक्षा थोड्याच अधिक वेगानं वाढणाऱ्या मापावर, आणता यावं आणि त्याखाली जाता येऊ नये, असं अनुमानही त्यांनी मांडलं. तिथवर पोचायला २०१९ उजाडलं. ऑस्ट्रेलियातले डेव्हिड हार्वे आणि फ्रान्समधले योरिस व्हान डर हूवन यांनी ते करून दाखवलं. त्यांच्या मूळ सिद्धतेत १७२९ मितींचा वापर आहे. गणितज्ञ रामानुजनच्या टॅक्सी-क्रमांकाच्या गोष्टीमुळे आपल्याला माहीत असलेली हीच ती संख्या. सिद्धतेत ही रीत ज्या आकारापासून लागू होते, तेवढी मोठी संख्या लिहायला विश्वात जागा पुरणार नाही. तरीही तो निष्कर्ष मोलाचा का, हे मला आता समजतं. काय शक्य आहे, ते त्यानं ठरवलं.

काय अशक्य आहे, ते ठरवणं मात्र कितीतरी कठीण. बेरजेचं सोपं आहे. प्रत्येक अंक निदान एकदा तरी वाचावाच लागतो, त्यामुळे अंकांच्या संख्येपेक्षा कमी कामात बेरीज होणार नाही. झाली सिद्धता. गुणाकाराबाबत अशी सिद्धता शोधायला मी पुस्तकाची पानं उलटत राहिले आणि ती कुठेच मिळेना. शेवटी सरांना विचारलं. ते म्हणाले, “कुठेच नाही मिळणार.” सर्वसाधारण यंत्रावर गुणाकाराला बेरजेपेक्षा खरोखर जास्त काम लागतं, हे आजवर कुणी सिद्ध केलेलं नाही. गुणाकार अवघड आणि बेरीज सोपी, हे मी दरवर्षी वर्गात सांगते. मुलांना ते पटतं, कारण त्यांचा अनुभव तसाच असतो. आणि जगातल्या एकाही गणितज्ञाजवळ त्याचा पुरावा नाही!

सध्या मी फूरिए रूपांतराच्या प्रकरणापाशी अडकले आहे. शोनहागे-स्ट्रासेनच्या रीतीत ते येतं, आणि संमिश्र संख्या पुन्हा पहिल्यापासून शिकल्याशिवाय पुढे सरकता येणार नाही, असं दिसतंय. मुलीची अकरावीची वही माळ्यावरून काढून ठेवली आहे.