रेघेवरचा गंधार

जानेवारीत थिबा राजवाड्यातला आर्ट सर्कलचा संगीत महोत्सव जवळ आला की मी भातखंड्यांची क्रमिक पुस्तकं काढून बसतो. त्यांतली स्वरलिपी साधी: कोमल स्वराखाली आडवी रेघ, तीव्र मध्यमावर उभी, समेला फुली. एवढ्या शिदोरीवर भातखंडे या वकिलाने घराण्यांनी जपून ठेवलेल्या चिजा कागदावर आणल्या! पण दरबारीचा गंधार किती झुलवायचा, ते रेघेला काय ठाऊक?

भातखंडे वकील, तसे वामनराव देशपांडे पेशाने चार्टर्ड अकाउंटंट. 'घरंदाज गायकी'त (१९६१) त्यांनी ताळेबंद मांडला तो स्वर-लयीचा: किराणा घराणं स्वराकडे, आग्रा लयीकडे, जयपूर मधोमध. (स्वतः जयपूर गायकी शिकलेले, म्हणून थोडा पक्षपात होणारच.) तरी आग्र्याचं गाणं लागलं की हल्ली मी आधी लयीचे बोल ऐकतो, गळा नंतर.