उफराट्या वाक्यावर चालणारे यंत्र



विज्ञानकथांच्या दुनियेत एक मोठी मजेची कल्पना आहे. "मी आता बोलतो आहे ते खोटे आहे," हे वाक्य घ्या. खरे मानावे तर खोटे ठरते, खोटे मानावे तर खरे. डोके नुसते हेलकावे खात राहते. कल्पक मंडळी म्हणतात, ह्या न संपणाऱ्या हेलकाव्यालाच यंत्र जोडले तर? कोळसा नको, तेल नको, नुसत्या तर्काच्या गुंत्यावर गावभर दिवे! असे शास्त्र अर्थातच कुठे नाही. पण नातवंडांच्या तोंडून हे ऐकले तेव्हा आम्हां निवृत्त परिचारिकांना ते हसून सोडून देता येईना.

कारण असे उफराटे वाक्य आम्ही शाळेत लोखंडात घडवलेले पाहिले होते. ती विजेची घंटा. बटण दाबले की लोहचुंबक टोला ओढतो. टोला ओढला गेला की वीज तुटते. वीज तुटली की स्प्रिंग टोल्याला मागे आणते आणि वीज पुन्हा जोडली जाते. "जोडलेली असेन तर तुटेन, तुटलेली असेन तर जोडली जाईन," असे म्हणत घंटा खणखणत राहते. पण कोणाच्या जिवावर? बॅटरीच्या. बॅटरी संपली की वाक्य तसेच राहते, आवाज मात्र बंद पडतो.

फुकटच्या शक्तीचा मोह जुना आहे. आपल्या भास्कराचार्यांनी ११५० सालच्या सिद्धान्तशिरोमणीत पाऱ्याने अर्धवट भरलेल्या नळ्यांचे, आपोआप फिरणारे चाक वर्णिले आहे. पुढे युरोपात अशा यंत्रांचे इतके अर्ज येऊ लागले की पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ साली ते तपासणेच बंद केले.

सर्वांत चतुर युक्ती मॅक्सवेल ह्या शास्त्रज्ञाची. १८६७ साली त्यांनी एक चिमुकला द्वारपाल कल्पिला. तो हवेचे वेगवान कण एका बाजूला सोडतो, संथ कण दुसऱ्या बाजूला. काही खर्च न करता एक खोली तापते, दुसरी गार होते. ह्यात चूक कुठे, हे शोधायला शंभरावर वर्षे लागली. बुडापेस्टच्या यहुदी घरात जन्मलेल्या लिओ झिलार्ड ह्यांनी १९२९ साली दाखवले की द्वारपालाच्या माहितीचाही हिशेब धरावा लागतो. रॉल्फ लँडॉअर हे स्टुटगार्टचे. १९३८ साली त्यांच्या कुटुंबाला जर्मनी सोडावी लागली. त्यांनी १९६१ साली सांगितले की नोंद पुसताना उष्णता बाहेर पडतेच. चार्ल्स बेनेट ह्यांनी १९८२ साली हाच नियम द्वारपालाला लावला. त्याची वही भरते. ती पुसल्यावाचून काम पुढे चालत नाही, आणि पुसण्याचा खर्च त्याने केलेली सारी बचत गिळून टाकतो. ही उष्णता इतकी अल्प की फ्रान्समध्ये लियाँ येथे ती मोजल्याचे २०१२ साली प्रसिद्ध झाले.

हे वाचताना आम्हांला रात्रपाळी आठवली. सकाळी पुढच्या पाळीला रुग्णांची माहिती सांगून झाली तरी मनातली वही कोरी होत नसे. खाट क्रमांक चारचे आजोबा घरापर्यंत सोबत येत. पदार्थविज्ञानाचा नियम मनाला जसाच्या तसा लागू पडतो असे आम्ही म्हणत नाही. पण विसरण्यालाही बळ लागते, हे आम्हांला कोणी शिकवावे लागले नाही.

आणि घरी? घरी दुसरे उफराटे वाक्य वाट पाहत असे. "ताई, स्वतःला जप हो," असे भाऊ फोनवर म्हणत, आणि त्याच दमात, "आईला क्षणभरही एकटी सोडू नकोस. तू नर्स आहेस, तुला सवय आहे." पहिले पाळावे तर दुसरे मोडते. ह्या वाक्यावर आमच्या समाजातली कितीतरी घरे वर्षानुवर्षे चालली, आज आमच्या सुनालेकींची चालताहेत. बाहेरून पाहणाऱ्याला वाटते, हिच्यात शक्तीचा झराच आहे. झरा वगैरे काही नाही. घंटेसारखीच इथेही एक बॅटरी आहे. तिला गुडघे आहेत, रक्तदाब आहे, झोपेचे थकलेले कर्ज आहे.

आपल्या पूर्वजांना कोकणात शनवार तेली म्हणत. आठवड्याचे इतर दिवस घाणा फिरे, शनिवारी थांबे. बैलाचे जू उतरवले जाई. घाणा बैलाच्या अंगातल्या बळावर फिरतो आणि ते बळ वैरणीतून व विश्रांतीतून येते, हे त्या साध्या माणसांना पक्के ठाऊक होते. बैलाला जो दिवस मिळत होता तो घरातल्या बाईला का मिळू नये?

तेव्हा बंधूंनो, विशेषतः दूर राहणाऱ्या भावांनो आणि दिरांनो, पुढच्या वेळी फोन कराल तेव्हा "स्वतःला जप" एवढेच म्हणून ठेवू नका. "मी कोणत्या वारी येऊ आणि तुझी पाळी किती वाजता घेऊ?" असे विचारा. आणि त्या वारी या.