सोळा पाकळ्यांची रायफल

जुनी जपानी रायफल तपासायला आली की आधी बोल्ट मागं ओढून ती रिकामी असल्याची खात्री करायची आणि मग रिसीव्हरच्या माथ्यावर अंगठा फिरवायचा, ही माझी सवय. तिथं सोळा पाकळ्यांचं शेवंतीचं फूल कोरलेलं असतं. ही जपानच्या सम्राटाची मुद्रा. रायफल शिपायाच्या मालकीची नाही, सम्राटानं ती त्याच्याकडं सांभाळायला दिली आहे, असा तिचा अर्थ. फूल शाबूत असेल तर ती रायफल बहुधा लढाईत हाती लागलेली. कानशीनं किंवा ग्राइंडरनं घासून ते उडवलेलं असेल तर ती बहुधा १९४५च्या शरणागतीनंतर जमा झालेली. नळीला हात लावण्याआधीच एवढी हकिगत कळते.

सैन्यात आर्मरर म्हणून नोकरी केली आणि निवृत्तीनंतर संग्रहालयांतली शस्त्रं तपासून त्यांच्या नोंदी लिहिण्याचं काम अंगावर घेतलं. या कामात जपानी शस्त्रांबद्दलची दोन मतं सतत कानावर येतात. एक, ती पत्र्याची, कामचलाऊ खेळणी होती. दुसरं, शस्त्रांचं काय घेऊन बसलात, जपानी शिपाई जिद्दीवर आणि संगिनीवर लढला. दोन्ही मतं मला खोटी वाटतात, आणि दुसरं तर घातकही. रायफल उत्तम होती. तिला योग्य काडतूस आणि तिच्या धन्याला दोन वेळचा भात पोचवणं तिच्या सरकारला जमलं नाही, आणि ही तूट शिपायाच्या जिवानं भरून काढायची असं त्या सरकारनं ठरवलं.

रायफलपासूनच सुरुवात करतो. अरिसाका नारिआकिरा या लष्करी अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली तयार झालेली टाइप ३० रायफल घेऊन जपान १९०४-०५मध्ये रशियाशी लढला. मंचुरियातल्या धुळीनं तिचा बोल्ट जाम होई. नाम्बू किजिरो यांनी तिच्यात सुधारणा करून १९०५ साली टाइप ३८ तयार केली. मेइजी राजवटीचं ते अडतिसावं वर्ष, म्हणून ३८. काडतूस ६.५ मिलिमीटरचं, लांबी जवळजवळ १२८ सेंटिमीटर. टाइप ३०ची ४० सेंटिमीटर पात्याची संगीन लावली की हे प्रकरण बहुतेक जपानी शिपायांच्या डोक्यावरून जाई. अंगानं लहान माणसाच्या हातात एवढी लांब रायफल देण्यामागं संगिनीच्या चालीचा विचार होता. त्या लांबीचा एक फायदा मात्र आडवाटेनं झाला. हलक्या काडतुसातली दारू लांब नळीत जवळजवळ पूर्ण जळून जाई, त्यामुळं तोंडाशी जाळ आणि धूर फार कमी दिसे. जंगलात गोळी कुठून आली ते समोरच्याला कळत नसे.

तिचा बोल्ट मी शिकाऊ मुलांना आवर्जून उघडून दाखवतो. मागच्या गोल टोपीवर तळहात दाबून ती जरा फिरवली की सेफ्टी लागते किंवा सुटते. तीच टोपी सुटी केली की फायरिंग पिन आणि स्प्रिंग हातात येते, पाना-पेचकस काही लागत नाही. मोजके भाग, प्रत्येक भाग जाडजूड, अंधारात चाचपून पुन्हा जोडता येण्याजोगा. काडतूस फुटलंच तर मागं येणारा वायू चेहऱ्यापासून वळवायचं कामही तीच टोपी करते. पी. ओ. अ‍ॅकली या अमेरिकन बंदूकतज्ज्ञानं युद्धानंतर वेगवेगळ्या देशांच्या रायफलींत मुद्दाम वाढती दारू भरून चाचण्या घेतल्या, तेव्हा सगळ्यात चिवट निघाली ती ६.५ची अरिसाका. पत्र्याचं खेळणं म्हणणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवावं. ती बदनामी बरीचशी आली शाळकरी मुलांच्या कवायतीसाठी ओतीव लोखंडाच्या बनवलेल्या नकली रायफलींवरून. त्यांत खरी गोळी भरायचीच नव्हती. युद्धानंतर कोणी कोणी ती भरली आणि रायफल तोंडावर फुटली.

चीनमधल्या लढायांत ६.५चं काडतूस तोकडं पडू लागलं, म्हणून १९३९ साली टाइप ९९ आली. जपानी शाही कालगणनेचं ते २५९९वं वर्ष, त्यातले शेवटचे दोन आकडे. काडतूस ७.७ मिलिमीटर, आखूड नमुन्याची लांबी साधारण ११२ सेंटिमीटर. नळीला आतून क्रोमचा मुलामा, म्हणजे दमट हवेत गंज नाही. साध्या शिपायाच्या रायफलीला असा मुलामा देण्याचं काम त्या काळात इतरांनी एवढ्या प्रमाणावर केलेलं नव्हतं. पुढं घडीचा तारेचा टेकू. मागच्या साइटला बाजूनं उघडणारे दोन पंख, विमानावर किती पुढं नेम धरायचा ते दाखवणारे. रायफलच्या गोळीनं विमान पडण्याची आशा फारशी नव्हती. पंख होते ते आकाशाकडं पाहत पडून राहण्यापेक्षा शिपायानं काहीतरी करावं म्हणून.

माझ्या टेबलावर एकदा अशा दोन टाइप ९९ शेजारी शेजारी आल्या. पहिलीचा दस्ता लाखेसारख्या रोगणानं चमकत होता. जपानी दस्ते खालचा आणि वरचा असे दोन तुकडे खाचेत बसवून करत. कित्येकांना ती तडा गेल्यानंतरची डागडुजी वाटते, पण लाकूड वाचवायची आणि टाच फुटू न देण्याची ती विचारपूर्वक केलेली जोडणी आहे. बोल्टची मूठ अंडाकृती, गुळगुळीत. सेफ्टीच्या टोपीवर नक्षीदार खाचा. दुसरीची मूठ लाकडी खुंटीसारखी सरळ. टोपीवर वेल्डिंगचा ओबडधोबड ओघळ तसाच. मागची साइट सरकती नाही, तीनशे मीटरला कायमची बसवलेली. दस्त्याच्या टाचेला पोलादी पट्टीऐवजी खिळ्यांनी ठोकलेली प्लायवूडची फळी. टेकू नाही, पंख नाहीत, नळीत क्रोम नाही, पट्ट्याऐवजी दोरी. नमुना एकच. दोघींत तीन-चार वर्षांचं अंतर, आणि त्या वर्षांत बुडालेली मालवाहू जहाजं, आटलेलं पोलाद, कारखान्यांत आणलेली शाळकरी मुलं. पण दुसरीचा बोल्ट पुढं सरकवून खाली पाडला तेव्हा पुढचे दोन्ही लग, म्हणजे बोल्ट अडकवून धरणारे दात, आपल्या घरात नेमके बसले. कारागिरानं वरची सगळी शोभा सोडली, जिथं जीव अडकलेला असतो तिथली जोडणी मात्र सोडली नव्हती. त्या अनाम कामगाराबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

अडचण होती काडतुसांची. टाइप ९९ आली म्हणून ३८ गेली नाही. चीनमधल्या बऱ्याच पलटणींकडं ती शेवटपर्यंत राहिली. म्हणजे पायदळाला दोन मापांची रसद. त्यात ७.७ म्हणजे तरी एकच काडतूस असावं! टाइप ९२ जड मशीनगनसाठी बनलेल्या काडतुसाच्या बुडाला जराशी बाहेर आलेली कड होती. टाइप ९९च्या काडतुसाला ती नव्हती, आणि कडवालं काडतूस रायफलीत चालत नसे. नौदलानं आणखी तिसरंच धरलं. त्यांची ७.७ मशीनगन ब्रिटिश लुईसची नक्कल, तिचं काडतूस म्हणजे चक्क ब्रिटिशांचं पॉइंट थ्री-नॉट-थ्री. बर्मात ब्रिटिश कोठारं हाती लागली तरी त्यांतल्या गोळ्या जपानी पायदळाच्या स्वतःच्या रायफलींना निरुपयोगी होत्या. ज्यानं आयुष्यात एकदा जरी दारूगोळ्याचा हिशेब लिहिला आहे, त्याच्या अंगावर हे वाचून काटा येईल.

मशीनगनची गोष्टही अशीच. १९२२ सालची टाइप ११ ही हलकी मशीनगन मोठ्या हुशारीनं आखलेली. तिला मॅगझिन नाही, बाजूला एक चौकोनी पेटी. त्या पेटीत रायफलवाल्यांच्याच पाच-पाच गोळ्यांच्या सहा क्लिपा ठेवायच्या. कुणाही शिपायाच्या पट्ट्यातली गोळी मशीनगनला चालेल, ही कल्पना कागदावर फार सुंदर. प्रत्यक्षात काडतूस चेंबरमधून नीट सुटावं म्हणून त्याला तेल लावावं लागे, तेलाला धूळ धरे आणि शस्त्रागारापासून आघाडीपर्यंत सगळे हैराण होत. शेवटी तिच्यासाठी कमी दारूची वेगळी काडतुसं काढावी लागली, म्हणजे मूळ फायदाच गेला. १९३६च्या टाइप ९६नं वरून बसवायचं तीस गोळ्यांचं मॅगझिन आणलं, पण तेल कायम राहिलं. ते सुटलं ७.७च्या टाइप ९९ हलक्या मशीनगनमध्ये. ही फार चांगली मशीनगन, पण ती पुरेशी हाती येईपर्यंत युद्ध उलटलं होतं.

टाइप ९२ जड मशीनगन तिपाईसकट ५५ किलोंच्या घरात. तिपाईच्या पायांना दांडे लावून ती उभीच्या उभी चौघं खांद्यावर नेत. पट्ट्याऐवजी तीस गोळ्यांची पत्र्याची पट्टी, मारा मंद, ठोके वेगवेगळे मोजता येतील असा. दोस्तांच्या शिपायांनी तिला सुतारपक्षी म्हटलं. पिस्तुलांबद्दल लिहिण्यासारखं फार नाही. टाइप ९४ पिस्तुलाच्या डाव्या अंगाला सिअरची, म्हणजे चढवलेला घोडा अडवून धरणारी, पट्टी उघडी असते. पिस्तूल चढवलेलं असताना ती नुसती दाबली तरी गोळी सुटते. मी ते कोणाच्याही हातात भरलेलं देणार नाही.

ज्या शस्त्राला मी सगळ्यांत वरचा नंबर देईन ते दिसायला अगदी सामान्य आहे. टाइप ८९, पन्नास मिलिमीटरचा बाँब फेकणारा नळा. वजन ४.७ किलो, एकटा माणूस पाठीला लावून डोंगर चढेल. बूड अर्धवर्तुळाकार, जमिनीत किंवा ओंडक्यावर टेकवायचं. नळा नेहमी साधारण ४५ अंशांत धरायचा आणि अंतर बदलायचं ते आतला दांडा वरखाली करून. दांडा वर घेतला की बाँबखालची पोकळी वाढते, दाब उतरतो, बाँब जवळ पडतो. मारा १२० मीटरपासून जवळजवळ ६७० मीटरपर्यंत. रायफलची गोळी सरळ जाते, हा बाँब टेकडीच्या पलीकडच्या उतारावर पडतो. प्रत्येक प्लाटूनमागं असे तीन. बुडाचा आकार पाहून दोस्त सैनिकांना वाटलं, हा मांडीवर ठेवून डागायचा. ज्यांनी तसा प्रयोग केला त्यांचं मांडीचं हाड मोडलं.

डोंगराळ मुलखातल्या या शस्त्रांपुढं आपली माणसं उभी होती. मार्च १९४४मध्ये जपानी ३१व्या डिव्हिजनची ५८वी रेजिमेंट मणिपूरच्या सांगशाकवर आदळली, तेव्हा तिथं ५०व्या भारतीय पॅराशूट ब्रिगेडबरोबर पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीची चौथी बटालियन होती. काटेरी तारा नव्हत्या, पाणी तुटपुंजं, खाली खडक लागत असल्यानं खंदक खोल जात नव्हते. २२ ते २६ मार्च ती जागा लढवली गेली. त्या चार-पाच दिवसांनी कोहिमा आणि इंफाळला तयारीची सवड मिळाली. आमच्याकडं इटलीतल्या मराठ्यांच्या पराक्रमाची आठवण होते, तशी सांगशाकची व्हायला हवी.

इंफाळ-कोहिमावरच्या त्याच मोहिमेत जपानी बाजूचं पितळ उघडं पडलं. सेनापती मुतागुची रेन्या यांनी तीन डिव्हिजन चिंदविन नदीपार धाडल्या त्या साधारण तीन आठवड्यांच्या शिध्यावर. बरोबर गुरांचे कळप, सामान वाहतील आणि मग खायलाही होतील म्हणून. गुरं डोंगरात मेली, पावसाळा आला, ना तांदूळ पोचला ना दारूगोळा. कोहिमासमोरच्या ३१व्या डिव्हिजनचे प्रमुख सातो कोतोकु यांनी अखेर हुकूम मोडून माणसं मागं घेतली. मुतागुचींनी त्यांना पदावरून काढलं. माझ्या लेखी त्या मोहिमेतला सगळ्यांत जबाबदार निर्णय सातोंचाच. परतीच्या वाटेवर जपानी सैनिक गोळ्यांपेक्षा भुकेनं आणि रोगानं जास्त मेले. शिपाई जिद्दीवर लढला असं कौतुकानं सांगणाऱ्यांना माझं विचारणं असतं, त्याला जिद्दीवर लढायची वेळ आणली कोणी?

आता थोडं कामाचं. सातारा, कोल्हापूर, रत्नागिरीकडच्या घरांत आजोबांनी बर्मातून आणलेली संगीन माळ्यावर निघते आणि नातवंडं उत्साहानं पॉलिश पेपर घेऊन बसतात. कृपा करून तसं करू नका. पात्याच्या बुडाशी कारखान्याची खूण असते. एकमेकांना जोडलेली चार वर्तुळं म्हणजे टोकियो किंवा कोकुराचं शस्त्रागार, वर्तुळात समोरासमोर दोन मासे दिसावेत तशी खूण म्हणजे नागोया. हिरोशिमाच्या तोयो कोग्योनं, म्हणजे माझदा गाड्यांच्या कारखान्यानं, रायफली बनवल्या, त्यांची खूण वेगळी. या खुणा एका दुपारच्या घासकामात कायमच्या जातात. सुक्या मऊ फडक्यानं धूळ पुसावी, हलकं तेल अगदी पातळ लावावं, पात्याचे आणि मुठीचे जवळून फोटो काढावेत आणि आजोबा कुठल्या पलटणीत होते तो कागद त्या फोटोंबरोबर ठेवावा. पातं ठेवायला परवाना लागतो का, हे जवळच्या पोलीस ठाण्यात विचारावं. ट्रंकेत हातबाँब, तोफेचा गोळा किंवा फ्यूज सापडला तर मात्र तो उचलू नये, हलवू नये. खोली रिकामी करून लगेच पोलिसांना फोन करावा. ऐंशी वर्षांनंतर त्यातली दारू निकामी झालेली असते असं समजू नका, उलट ती पहिल्यापेक्षा लहरी झालेली असू शकते.